फळ्यावर कधी न लिहिलेला देश

शिक्षक मित्रांनो आणि पालकहो, आज माझ्याच एका तासाबद्दल लिहिते आहे. तास माझा, आणि चूकही माझीच.

२०२२ च्या फेब्रुवारीअखेरची गोष्ट. २४ तारखेला रशियाच्या फौजा युक्रेनमध्ये घुसल्या होत्या. सोमवारी नववीच्या वर्गात गेले तर मागच्या बाकावरून आवाज आला, "मॅडम, रशिया दोन दिवसांत जिंकणार! रशिया आपला मित्र ना?" वर्ग हसला. खिडकीजवळचा एक मुलगा मात्र मान खाली घालून बसला होता. त्याची ताई आमच्याच शाळेची माजी विद्यार्थिनी. ती खारकीवला डॉक्टरकी शिकत होती. चार दिवसांपासून ती जमिनीखालच्या मेट्रो स्टेशनात होती आणि आदल्या रात्रीपासून फोन लागत नव्हता.

मी मुलांना गप्प केलं, पण काय सांगावं ते मला सुचेना. बावीस वर्षं इतिहास शिकवते, पण फळ्यावर 'युक्रेन' हा शब्द मी एकदाही लिहिला नव्हता. "दुसऱ्या महायुद्धात रशियाचे दोन कोटींहून जास्त लोक मेले," असं मी दरवर्षी सांगायचे. खरं तर ती माणसं सोव्हिएत संघाची होती आणि त्यांत लाखो युक्रेनियन होते. एका शब्दात मी अख्खा देश पुसून टाकत होते.

मंगळवारी महाशिवरात्रीची सुट्टी होती. दिवसभर वाचत बसले. त्याच दिवशी बातमी आली, खारकीवमध्ये खाण्याचं सामान आणायला गेलेला कर्नाटकातला एक वैद्यकीय विद्यार्थी हल्ल्यात मारला गेला. त्या मुलाच्या आईला काय वाटलं असेल, हा विचार रात्रभर डोक्यातून गेला नाही.

बुधवारी फळ्यावर एक लांब रेघ ओढली. सुरुवात १२४० पासून केली. त्या वर्षी बातू खानाच्या मंगोल फौजांनी कीव शहर उद्ध्वस्त केलं. पुढे लिथुआनिया आणि पोलंडची सत्ता आली. १६४८ मध्ये बोहदान ख्मेलनित्स्कीच्या नेतृत्वाखाली कोसॅक पोलंडविरुद्ध उठले आणि १६५४ मध्ये त्यांनी मॉस्कोच्या झारशी करार केला. आधारासाठी धरलेला हात हळूहळू गळ्याभोवती आला. १७७५ मध्ये कॅथरीन राणीने झापोरिझ्झियाच्या कोसॅकांचं ठाणंच मोडून टाकलं. पश्चिमेकडचा भाग तोवर ऑस्ट्रियाकडे गेला होता.

"मुलांनो, तिथली माती कशी आहे माहितीये? आपल्यासारखी काळी!" म्हटल्यावर शेतकऱ्यांची पोरं सरसावून बसली. एवढी सुपीक जमीन, गव्हाचं कोठार, आणि तिथेच १९३२-३३ मध्ये लाखो माणसं भुकेने मेली. पाऊस पडला नाही म्हणून नव्हे. स्टॅलिनच्या सरकारने गावोगावचं धान्य सक्तीने उचलून नेलं. शेतात राहिलेली कणसं वेचली तरी कडक शिक्षा होत असे. युक्रेनियन लोक या काळाला 'होलोदोमोर' म्हणतात.

मग १९४१ आलं. सप्टेंबरात जर्मनांनी कीव घेतलं. २९ आणि ३० सप्टेंबर या दोनच दिवसांत बाबिन यार नावाच्या घळीत ३३,७७१ ज्यू माणसं, बायका-मुलांसकट, गोळ्या घालून मारली गेली. या कामात जर्मनांना स्थानिक पोलिसांनीही मदत केली. हेही मी मुलांना सांगितलं, कारण इतिहास सोयीचा तेवढाच सांगायचा नसतो. वीस लाखांहून जास्त लोकांना मजुरीसाठी जर्मनीला नेलं. बऱ्याच भागात मुलांना चौथीपुढे शाळा नाही असा नियम झाला. गुलामाला जास्त शिकून काय करायचंय, हा हिशेब! ताईचं खारकीव तर दोन वर्षांत चार वेळा या हातातून त्या हातात गेलं.

वर्ग एकदम शांत झाला होता. मग खिडकीजवळच्या मुलाने विचारलं, "मॅडम, मग हे लोक टिकले कसे?"

मी म्हटलं, भाषेने. १८७६ मध्ये झारने युक्रेनियन भाषेत पुस्तकं छापायला बंदी घातली होती. त्यांचा लाडका कवी तारास शेवचेन्को भूदासाच्या घरात जन्मलेला. १८४७ मध्ये त्याला पकडून लांब पाठवलं आणि वर लिहायला व चित्रं काढायला मनाई केली. तरी तो लपूनछपून लिहीत राहिला. आया घरात आपल्याच भाषेत बोलत राहिल्या. १ डिसेंबर १९९१ च्या सार्वमतात ९० टक्क्यांहून जास्त लोकांनी स्वातंत्र्याला कौल दिला.

तास संपला तेव्हा मागच्या बाकावरचा तो मुलगा उठला आणि खिडकीजवळच्या बाकावर जाऊन बसला. बोलला काहीच नाही. मीही काही बोलले नाही.

पुढच्या आठवड्यात ताई पोलंडमार्गे सुखरूप घरी आली. शाळेत आली तेव्हा तिने वसतिगृहातल्या स्वयंपाकाच्या आजींची आठवण सांगितली. त्या टेबलावर सांडलेला पावाचा चुरासुद्धा हाताने गोळा करून खायच्या. त्यांच्या आईने १९३३ चा दुष्काळ पाहिलेला. निघताना त्यांनी हिच्या पिशवीत एक अख्खा पाव कोंबला होता.

सहकाऱ्यांनो, 'रशियन वाईट, युक्रेनियन चांगले' असं शिकवा, असं मी म्हणत नाही. राज्यकर्ते वेगळे आणि माणसं वेगळी, हे मुलांना कळतं. फक्त युद्ध शिकवताना 'कोण जिंकलं' याआधी 'कोणाच्या घरातून रणगाडे गेले' हा प्रश्न विचारून पाहा. आणि पालकहो, घरी बातम्या बघताना मुलांच्या हातात नकाशा द्या. कोणाची तरी ताई त्या नकाशावर असते.