नगराचें अध्यक्षपद आणि मताचें मोल

फुलंब्रीसारख्या गांवीं वाढलेल्या आम्हां विद्यार्थ्यांस मुंबईचें महापौरपद दूरचें वाटतें; परंतु त्याचा इतिहास आम्हांसही विचार करावयास लावतो.

१८८८ च्या कायद्यान्वये मुंबई महापालिकेंत ७२ सभासद असत. त्यांपैकीं करदात्यांनीं निवडलेले अवघे ३६. हे सर्व सभासद दरवर्षीं आपला अध्यक्ष निवडीत. सर फिरोजशहा मेहता १८८४, १८८५ व १९०५ सालीं त्या आसनावर बसले. पण १९०७ सालीं कांहीं युरोपीय अधिकाऱ्यांनीं त्यांच्याविरुद्ध गट बांधला. जस्टिस मंडळींच्या १६ जागांसाठीं झालेल्या निवडणुकींत फिरोजशहा सतरावे आले! एका विजयी उमेदवाराची निवड रद्द ठरली, तेव्हां त्यांस जागा मिळाली.

१९३१ सालीं अध्यक्षास ‘महापौर’ हें नांव लाभलें. तरी सभासद निवडणाऱ्या मतदारांस मालमत्तेची वा भाड्याची अट होतीच. सर्व प्रौढांस मत मिळालें तें १९४८ सालीं. त्याच वर्षीं सप्टेंबरांत आमच्या फुलंब्रीवरील निजामाचा अंमल संपला.

वाचकहो, थोर पुरुषाचें आसनही थोड्या मतांनीं डळमळतें. आमच्या पणजोबांस जो अधिकार नव्हता, तो आम्हांस अठरा वर्षें पूर्ण झाल्यावर, मतदारयादींत नांव नोंदविल्यास मिळेल. म्हणूनच तो आळसानें दवडणें आम्हांस शोभणार नाहीं.