दावा कुठे लावायचा?

शेजाऱ्याशी भांडण झालेला पक्षकार आधी शेजाऱ्याचा स्वभाव सांगतो. मी त्याच्याकडे खरेदीखत, मिळकत पत्रिका आणि मोजणीचा नकाशा मागतो. चूक कोणाची हे ठरण्याआधी ते ठरवायचा अधिकार कोणाला, हे बघावं लागतं. चांगल्या माणसांची वर्षं वाया गेलेली मी बघितली, ती बहुतेक याच टप्प्यावर.

समजा, शेजाऱ्याने मजला चढवला. सामासिक अंतर सोडलं नाही, सज्जा तुमच्या हद्दीत आला, पागोळ्यांचं पाणी तुमच्या भिंतीवर पडतं आणि माजघराच्या खिडकीचा उजेड गेला. घरमालकाला हे एकच भांडण वाटतं; कायद्याच्या लेखी ती दोन आहेत. सामासिक अंतर हा गावाच्या नियोजनाचा नियम. तो मोडला तर नगररचना कायद्याच्या, म्हणजे 1966 च्या अधिनियमाच्या, कलम 53 खाली नोटीस काढायची ती नगरपालिकेने. अशा नोटिशीला दिवाणी कोर्टात आव्हान देण्याची वाट कलम 149 ने जवळपास बंद केली आहे. सज्जा, पागोळ्या आणि खिडकी हे मात्र तुमच्या स्वतःच्या हक्कांचे प्रश्न. त्यांच्यासाठी दिवाणी कोर्ट उघडं आहे, तेही मिळकत जिथे आहे तिथलं. वाईच्या घराचा दावा तुम्ही पुण्यात राहता म्हणून पुण्यात लागत नाही.

म्हणून मी एका अर्जात सगळं कोंबू देत नाही. नगरपालिकेकडे बांधकामाची तक्रार वेगळी, कोर्टात हक्काचा दावा वेगळा. ‘त्याच्याकडे परवानगी आहे’ या उत्तराने खचूनही जाऊ नये. परवानगीने शेजाऱ्याला तुमची जागा मिळत नाही. आणि परवानगीच बेकायदा असेल, तर तिथल्या रहिवाशाला दाद मागता येते. उडुपीच्या के. रामदास शेणॉय प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने 1974 साली हे मान्य केलं. तिथे मंगल कार्यालयाच्या जागी चित्रपटगृहाला परवानगी दिली गेली होती. अशी दाद बहुधा उच्च न्यायालयात रिट अर्जाने मागतात.

खिडकीचं प्रकरण नाजूक. 1882 च्या सुविधाधिकार कायद्याप्रमाणे उजेड वीस वर्षं अखंड, शांतपणे, सुविधाधिकार म्हणून घेतलेला असावा लागतो. उजेड थोडा कमी झाला एवढ्याने भागत नाही. घरात राहणंच गैरसोयीचं झालं, हे दाखवावं लागतं.

सज्ज्याचा वाद मोजणीशिवाय सुटत नाही. दहा साक्षीदार ‘भिंत पूर्वीपासून इथेच’ म्हणतात, दहा ‘सरकवली’ म्हणतात. त्यापेक्षा कोर्ट कमिशनर नेमून भूमी अभिलेखच्या माणसाकडून मोजणी करून घेणं केव्हाही बरं. तो आधी जुन्या नकाशावरच्या पक्क्या खुणा शोधतो, देवळाचा कोपरा, विहिरीचा काठ. तिथून मापं घेत तो तुमच्या अंगणापर्यंत येतो आणि चुन्याची रेघ ओढतो. तोवर तावातावाने बोलणारे दोघेही त्या रेघेकडे बघत गप्प होतात. कितीतरी तडजोडी मी तिथेच, पंचनाम्यावर सह्या होता होता झालेल्या बघितल्या आहेत. म्हणून माझा आग्रह असा, की मोजणीचा अर्ज दाव्यासोबतच द्यावा, पुराव्याची पाळी येईपर्यंत थांबू नये.

प्रत्येक वादाची जागा दिवाणी कोर्टच असते असं नाही. सोसायटीत वरच्या फ्लॅटमधून पाणी गळत असेल तर आदर्श उपविधी सहकार न्यायालयाकडे बोट दाखवतात. शेताकडे जाणारा रस्ता अडवला तर 1906 च्या कायद्याखाली तहसीलदारांपुढे मामलेदार कोर्टाचा दावा, पण अडवल्यापासून सहा महिन्यांत.

चुकीच्या कोर्टात गेलेला दावा बुडतोच असं नाही. कोर्ट वादपत्र योग्य कोर्टात दाखल करायला परत देतं, आणि मुदत कायद्याचं कलम 14 तिथे गेलेला काळ वगळतं. मात्र वादीने प्रामाणिकपणे आणि काळजीने दावा चालवलेला हवा. अधिकारक्षेत्राची हरकत पहिल्याच कैफियतीत आली असतानाही जो वादी तारखांवर तारखा घेत राहिला, त्याला ही सवलत मिळवून देणं फार कठीण जातं.