करवीरचे पाणी

आमच्या घरात कोल्हापूरचे नाव दोनच प्रसंगी निघत असे. एक अंबाबाईच्या दर्शनाला जाण्याचे ठरे तेव्हा, आणि दुसरे आजोबा रागावत तेव्हा. कृष्णाकाठच्या आमच्या वैदिक घराण्यात वेदोक्ताच्या वादाची आठवण, तो वाद शमून दोन पिढ्या लोटल्यावरही, जागी होती. शाहू महाराज म्हणजे ब्राह्मणांच्या वृत्तीवर हात घालणारा राजा, एवढीच ओळख मला बालपणी झाली. पुढे शिक्षक झालो, महाराजांच्या जयंतीस भाषणेही केली. परंतु ती पुस्तकातून उचललेली होती. कानावर पडलेली ओळख डोळ्यांनी पारखून घेण्यास मला साठी उलटावी लागली, हे प्रथमच कबूल केलेले बरे.

आमची धाकटी कन्या कोल्हापुरास दिली आहे. गेल्या श्रावणात नातवास पाहण्याच्या निमित्ताने तिकडे आठ दिवस राहणे झाले. आमचे व्याही अण्णा हे पाटबंधारे खात्यातून निवृत्त झालेले, बोलण्यात मोजके गृहस्थ. देवीचे दर्शन झाल्यावर ते म्हणाले, "मास्तर, आता तुम्हाला महाराजांचे दर्शन घडवतो."

मी म्हणालो, "दसरा चौकातला पुतळा कालच पाहिला की!"

"पुतळा नव्हे. उद्या राधानगरीला जाऊ. तत्पूर्वी आज गावातल्या दोन जागा पाहू."

पहिली जागा शाहूपुरी. स्थानकाला लागूनच ही पेठ आहे. मिरजेहून कोल्हापुरास आगगाडी आली ती १८९१ साली. महाराजांस राज्याधिकार मिळाले १८९४ साली आणि दुसऱ्याच वर्षी, म्हणजे १८९५ साली, त्यांनी ही व्यापारपेठ वसवली. करवीरच्या काळ्या मातीत ऊस पिकत होता, गुऱ्हाळे चालत होती, काहिलीतून उत्तम गूळ उतरत होता. परंतु कुणब्याच्या गुळाला हक्काची मोठी पेठ नव्हती. दरबाराने स्वतः गूळ विकत घेतला नाही की भाव ठरवून दिला नाही. त्याने रेल्वेजवळ जागा आखून दिल्या, सवलती दिल्या आणि परगावच्या व्यापाऱ्यांस बोलावले. अडते आले, त्यांच्यामागून हमाल, तोलार, गाडीवान आले. काही वर्षांतच कोल्हापुरी गूळ हे नाव दूरवर पोहोचले. आता गुळाचे सौदे मार्केट यार्डात निघतात आणि शाहूपुरीत इतर दुकाने थाटली आहेत. पण गुळाला नाव मिळाले ते या पेठेमुळे. पुढे १९१७ साली महाराजांनी आपल्या जनकपित्याच्या नावाने जयसिंगपूर वसवले, तेही व्यापाराचे गाव म्हणूनच.

दुसरी जागा शाहू मिल. या कापडगिरणीची कोनशिला १९०६ साली बसली. कोल्हापुरातील कित्येक घरांची घड्याळे पिढ्यान्‌पिढ्या तिच्या भोंग्यावर चालली. पुढे ती सरकारी महामंडळाच्या हाती गेली आणि अखेर बंद पडली. भिंती व धुराडे पाहून मन खिन्न झाले. नातू म्हणाला, "आजोबा, राजाने काढलेली गिरणी बंद कशी पडली?" मला उत्तर सुचेना. अण्णा म्हणाले, "बाळ, गिरणीची यंत्रे दर पंधरा-वीस वर्षांनी बदलावी लागतात, गिऱ्हाइकाची आवड त्याहून लवकर बदलते. ज्याचा जीव त्या धंद्यात अडकला आहे, त्यालाच हे वेळेवर कळते. सरकारला कळेपर्यंत फाइल चार टेबले फिरते. पण धरणाचे तसे नाही. ते उद्या पाहा."

दुसऱ्या दिवशी सकाळी निघालो. रंकाळा मागे टाकून भोगावतीच्या काठाने रस्ता जातो. दोन्ही बाजूंना ऊस, मध्येच भाताची खाचरे, आणि सर्वत्र पावसाची झिमझिम. एका ठिकाणी अण्णांनी मोटार थांबवली. नदीत दगडी खांबांची रांग उभी होती आणि त्यांमधून लाल पाणी धावत होते. "हाच तो कोल्हापूर पद्धतीचा बंधारा," अण्णा म्हणाले. महाराष्ट्रात आज जागोजाग असे बंधारे आहेत आणि त्यांस हेच नाव आहे. युक्ती अगदी साधी. पावसाळ्यात खांबांमधील गाळे मोकळे ठेवायचे, म्हणजे पूर निघून जातो. पाऊस ओसरला की गाळ्यांत बरगे घालून पाणी अडवायचे. वर धरणातून पाणी सोडतात ते कालव्यात नव्हे, नदीतच. एकामागून एक बंधाऱ्याने ते अडत जाते, आणि काठचे शेतकरी पंपाने उपसून ते शेतावर नेतात. काठाला एक वृद्ध शेतकरी म्हशी घेऊन उभे होते. मी विचारले, "काका, उन्हाळ्यात पाणी पुरते का?" ते म्हणाले, "वर धरान हाय तवर काळजी न्हाई बघा. आमच्या आज्ज्याच्या टायमाला चैतात नदी कोरडी पडायची."

राधानगरीस पोहोचलो तेव्हा धुके उतरले होते. या धरणाची कथा एका दिवसाची नाही. १८९६-९७ चा दुष्काळ, मागोमाग प्लेग, पुन्हा १८९९-१९०० चा दुष्काळ, अशा आपत्ती राज्यारोहणानंतर पाच-सहा वर्षांतच महाराजांवर कोसळल्या. स्वस्त धान्याची दुकाने, दुष्काळी कामे हे उपाय त्यांनी केलेच. परंतु तेवढ्यावर ते थांबले नाहीत. १९०२ साली त्यांनी पाटबंधाऱ्यांचे धोरण जाहीर केले, राज्यातील विहिरी व तळ्यांची पाहणी करविली. त्यातूनच भोगावतीवर मोठे धरण बांधण्याचा संकल्प निघाला. आपल्या कन्येच्या नावाने त्यांनी राधानगरी हे गाव वसवले आणि १९०९ च्या सुमारास बांधकाम सुरू केले. लहानशा संस्थानाच्या तिजोरीला हा भार मोठा होता. १९१८ साली, भिंत सुमारे ४० फूट उंच झाली असता, पैशाअभावी काम थांबले. १९२२ साली महाराज निवर्तले. काम पुढे राजाराम महाराजांनी हाती घेतले आणि ते पूर्ण झाले ते स्वातंत्र्यानंतर, जेव्हा १ मार्च १९४९ रोजी कोल्हापूर संस्थानच मुंबई राज्यात विलीन होऊन गेले होते! ज्याने पाया घातला त्याने कळस पाहिला नाही. आणि ज्या राज्याने खर्च केला ते राज्यही उरले नव्हते.

सांडव्याला सात स्वयंचलित दरवाजे आहेत. जलाशय भरला की पाण्याच्या दाबानेच ते उघडतात. आम्ही उभे असता त्यांतील दोन उघडले होते. तो पांढरा शुभ्र लोट पाहताना माझ्या मनात एकाएकी रघुवंश आला. सूर्य पाणी शोषतो ते सहस्रपटीने परत देण्यासाठी, तसा दिलीप राजा प्रजेकडून कर घेई, ही उपमा मी तीस वर्षे वर्गात शिकवली. अन्वय लावला, अलंकार सांगितला, परीक्षेस प्रश्नही घातला. पण तिचा अर्थ त्या पावसात, त्या भिंतीवर उभा असताना मला कळला. कराचा पैसा गावातल्या गावात खर्चून जाणे वेगळे आणि तो पाणी होऊन पिढ्यान्‌पिढ्या शेतात उतरणे वेगळे. या पाण्यावर ऊस वाढला. उसासाठी चरक, इंजिने, पंप आले. ती दुरुस्त करता करता कोल्हापूरचे मिस्त्री स्वतःच यंत्रे घडवू लागले, आणि आज येथील ओतशाळांतून परमुलखी माल जातो. यातले काहीही हुकूम सोडून घडवता आले नसते. मात्र पाण्यावाचून ते घडलेही नसते.

दुसरे पाणी शिक्षणाचे. नामदार गोखले हे कोल्हापुरातच शिकलेले. त्यांनी १९११ साली मोठ्या कायदेमंडळात सक्तीच्या प्राथमिक शिक्षणाचे विधेयक आणले. ते पुढल्या वर्षी फेटाळले गेले. बडोद्याने मात्र १९०६ साली आणि कोल्हापूरने १९१७ साली आपापल्या राज्यात ते करून दाखवले. जो बाप मुलाला शाळेत पाठवणार नाही त्यास दरमहा एक रुपया दंड, असा महाराजांचा कायदा होता. जपानने १८७२ सालीच सर्वांसाठी शाळांची योजना आखली होती, आणि त्या देशाची पुढली वाढ जगाने पाहिली. कारखान्याच्या आधी शाळा, हा क्रम जपानला लागू पडला तसा करवीरलाही. १९०२ साली नोकऱ्यांतील निम्म्या जागा मागासलेल्या वर्गांसाठी राखून ठेवण्याचा हुकूम निघाला तेव्हा आमच्या घरात जो संताप झाला, तो मी ऐकून जाणतो. परंतु आयुष्यभर शिकवून मला एक गोष्ट कळली आहे. एकाच आळीतली मुले शिकली तर ती आळी सुधारते, सर्व गाव शिकले तर बाजार वाढतो, आणि वाढलेल्या बाजारात त्या पहिल्या आळीलाही जागा मिळते. आजोबांस हे कोणी सांगितले असते तर त्यांनी ऐकले असते का, हे देवच जाणे.

याचा अर्थ सरकारी धोरण नेहमी शुभच फळ देते असे नव्हे. १९३२ साली परदेशी साखरेवर संरक्षक जकात बसली आणि देशात साखर कारखाने भराभर निघाले. स्वातंत्र्यानंतर सहकारी कारखान्यांस सरकारने भांडवल पुरवले. त्याने खेड्यांत पैसा आला, दवाखाने व शाळा आल्या. पण उसाचा किमान भाव सरकारने बांधून दिलेला, म्हणून शेतकरी दुसऱ्या पिकाकडे पाहीनासा झाला. पंचगंगेचे पाणी गढूळ नव्हे, दूषित झाले. २०१९ च्या ऑगस्टमध्ये आणि पुन्हा २०२१ च्या जुलैमध्ये महापूर आला तेव्हा पूररेषेच्या आत बांधलेली घरे पाण्यात उभी होती. तीही कोणी तरी मंजूर केलेलीच होती. परतताना अण्णा म्हणाले, "मास्तर, धरण बांधणे हे धोरण, तसे नदीकाठी घर बांधू न देणे हेही धोरणच. पहिल्याचे उद्‌घाटन होते, दुसऱ्याचे होत नाही."

हे वाक्य माझ्या मनातून जात नाही. आपल्या एकत्र कुटुंबात कर्ता पुरुष विहीर खणतो, आंबा लावतो, मुलांना शिकवतो. त्याचे फळ बहुधा नातवाच्या ताटात पडते. तोच कर्ता कधी कधी सर्वांचा रोष पत्करून 'नाही' म्हणतो. राज्याचा कर्ताही तसाच असावा.

घरी परत आल्यावर आजोबांच्या तसबिरीसमोर नेहमीप्रमाणे दिवा लावला. अंबाबाईचा अंगारा तेथे ठेवला, आणि त्याच्या शेजारी राधानगरीच्या पाण्याची लहानशी बाटली ठेवली. सौभाग्यवतीने विचारले, "हे कुठले तीर्थ?" मी म्हणालो, "हेही करवीरचेच."