वसुलीला सरकार, भरतीला खासगी

जिल्हा मध्यवर्ती बँकेची लिपिकांची जाहिरात आली की आमच्या अभ्यासिकेतली मुलं आधी प्रवर्गनिहाय तक्ता शोधतात. एका बँकेच्या जाहिरातीत तो तक्ताच नव्हता. एकूण जागा, वय, परीक्षा शुल्क, बस्स. मी जाऊन विचारलं, तर साहेब म्हणाले, "आम्ही सहकारी संस्था आहोत, सरकार नाही. आरक्षण आम्हाला लागू होत नाही." आवाजात राग नव्हता, समजावणीचा सूर होता. तोच मला जास्त खटकला.

न्यायालयात हेच उत्तर कायद्याच्या भाषेत दिलं जातं. अनुच्छेद १२ मधल्या 'राज्य' या व्याख्येत आम्ही बसत नाही, म्हणून अनुच्छेद १६(४) आमच्यासाठी नाही. आधाराला सर्वोच्च न्यायालयाचे निकाल असतात: २००६ चा कांगडा मध्यवर्ती सहकारी बँकेचा आणि २०१३ चा केरळच्या थलप्पलम बँकेचा. हे निकाल मित्रांनी जरूर वाचावेत. पहिल्यात नोकरीवरून काढलेल्या कर्मचाऱ्याची रिट चालेल का, हा वाद होता. दुसरा माहिती अधिकाराचा. आरक्षणाचा प्रश्न दोन्हींत नव्हता.

आणि महाराष्ट्रात गाडी अनुच्छेद १२ वर अडण्याचं कारणच नाही. आपल्याकडे २००१ चा आरक्षण अधिनियम आहे, २९ जानेवारी २००४ पासून अमलात. त्यातली 'आस्थापना'ची व्याख्या रुंद आहे. शासनाचं भागभांडवल असलेली सहकारी संस्था तिच्यात स्पष्टपणे येते, शासन अनुदानित संस्थाही येतात. असा कायदा करण्याचा अधिकार विधिमंडळाला आहे का? २०२१ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ९७ व्या घटनादुरुस्तीचा सहकारी संस्थांबाबतचा भाग रद्द केला, तो राज्यातल्या सहकारी संस्था हा राज्यांचा विषय आहे म्हणूनच. त्या निकालाचं स्वागत करणारे सहकारातले पुढारी भरतीच्या वेळी मात्र गप्प असतात.

मग पुढची पळवाट: "शासनाचे शेअर्स आम्ही परत केले." ठीक. पण अनुदानित संस्थेच्या व्याख्येत सवलतीची जमीन आणि आर्थिक सवलतीही मोजल्या आहेत, आधी मिळालेल्यासुद्धा. २०१४ मध्ये नागपूर, वर्धा आणि बुलढाणा जिल्हा बँकांना परवाना मिळावा म्हणून केंद्र, राज्य आणि नाबार्डच्या पैशाची योजना आली. तो पैसा जनतेचा होता. त्या जनतेत आम्हीही येतो ना? (कर्मचाऱ्यांनी आपसात काढलेली छोटी पतसंस्था वेगळी. तिला मी या रांगेत उभं करणार नाही.)

माझा खरा आक्षेप कलमांच्या पलीकडचा आहे. शेतकऱ्याचं कर्ज थकलं की हीच बँक सहकार कायद्याच्या कलम १०१ खाली वसुली दाखला मिळवते. कलम १५६ खाली वसुली अधिकारी जप्ती आणतो, जमीन लिलावात काढतो. दिवाणी दाव्याची दगदग नाही, मागे शासनाची ताकद. त्या दिवशी "आम्ही सरकार नाही" असं कुणी म्हणत नाही. संचालक मंडळात कलम ७३ब प्रमाणे अनुसूचित जाती-जमातींना मिळून एक जागा आहे. ती बँकेला चालते, कारण एका मताने ठराव फिरत नाही. काउंटरवर, कर्ज विभागात, तपासणीत आमची माणसं बसली तर पीककर्जाची फाईल कुणाची पुढे सरकते हे आतून दिसू लागेल.

बाबासाहेब व्हाइसरॉयच्या कार्यकारी मंडळात असताना १९४३ मध्ये अनुसूचित जातींसाठी केंद्रीय नोकऱ्यांत ८⅓ टक्के जागा ठरल्या. पोट भरण्याएवढाच तो विषय नव्हता. निर्णय होतो त्या खोलीत आपला माणूस असावा, ही मागणी होती.

थलप्पलमचा निकाल बँकवाले आपल्यावर फेकतात, पण त्यातच एक ओळ आपल्या कामाची आहे. बँक नसली तरी निबंधक सार्वजनिक प्राधिकरण आहे आणि कायद्याने त्याला बँकेकडून घेता येणारी माहिती त्याने अर्जदाराला द्यायची आहे. तेव्हा बँकेच्या दारात वाद घालण्याआधी जिल्हा उपनिबंधकांकडे अर्ज टाका. तीन गोष्टी मागा: शासकीय भागभांडवल आणि मदतीचा तपशील, बिंदुनामावली, आणि २००४ पासूनची प्रवर्गनिहाय भरती. आमचा अर्ज गेला आहे.

जय भीम.