कवडीचा रोजनामा

आमच्या वाईच्या घरात जी मांजरी लहानाची मोठी झाली आणि त्याच घराच्या माजघरात जिने प्राण सोडला, ती चावरी होती, ही गोष्ट मी कोणापासून कधी लपवलेली नाही. परवा एका पाळीव पिल्लाने माझ्या नातवाच्या मनगटाला दात लावले, तेव्हा रडू आवरून त्याने मला विचारले, "आजोबा, तुमची कवडी चावायची, तर तुम्ही तिला घरात ठेवली कशाला?" त्या प्रश्नाचे उत्तर एका वाक्यात देणे मला साधले नाही. ते उत्तर जितके कवडीचे आहे तितकेच माझ्या वडिलांचे आणि त्यांच्या धाकट्या बहिणीचे, म्हणजे आमच्या वेणूआत्याचे आहे. आणि ती तिघेही आता नसल्यामुळे ते लिहून ठेवण्याचे काम माझ्याकडे आले आहे.

माझे वडील, अण्णा, मामलेदार कचेरीत अव्वल कारकून होते. ज्या गोष्टीचा कागद नाही ती गोष्ट घडलीच नाही, अशी त्यांची धारणा असे आणि कचेरीचा हा शिरस्ता त्यांनी घरातही चालू ठेवला होता. दुधाचा हिशेब, धोब्याचा हिशेब, देवळाच्या वर्गणीच्या पावत्या, हे सारे लाल रुमालात बांधून फडताळात ठेवलेले असे. वेणूआत्या सोळाव्या वर्षी विधवा होऊन माहेरी परतली, त्याला आमच्या जन्माच्या वेळी बरीच वर्षे लोटली होती. तिचा दिवस चुलीपाशी उजाडत असे आणि भांड्यांपाशी मावळत असे. घरातल्या कोणत्याही मसलतीत तिने तोंड उघडल्याचे आम्हां मुलांना आठवत नव्हते, आणि तिला काही विचारावे असे कोणाच्या मनात येत नव्हते.

कवडी आली ती एका श्रावणातल्या झडीत. परसातल्या लाकडांच्या ढिगाखाली तिचे ओरडणे ऐकून आत्याने तिला पदरात घालून घरात आणले, तेव्हा तिचे डोळे जेमतेम उघडले होते, आणि तिच्या आईचा किंवा भावंडांचा मागमूस नव्हता. फिकट पिवळसर पांढऱ्या रंगामुळे तिला कवडी हे नाव पडले. आज मला कळते की तिच्या चावऱ्या स्वभावाचे पहिले बीज त्या ढिगाखालीच रुजले होते. मांजराची पिल्ले लहानपणी एकमेकांशी झोंबत असतात, आणि त्या झोंबाझोंबीत दात किती रोवावा याची मर्यादा शिकतात; जोराने चावणाऱ्या पिल्लाला भावंड खेळातून वगळते, आई पंजाने बाजूला सारते, आणि चावा हलका होत जातो. कवडीला ही शाळा मिळालीच नाही. त्यात आमच्या धाकट्या भावाने तिच्यापुढे रोज बोटे नाचवून माणसाचा हात म्हणजे पकडण्याची वस्तू हा धडा तिला दिला. आणि पिल्लाच्या ज्या दातांनी गुदगुल्या होत, तेच दात वर्षभरात रक्त काढू लागले.

तिच्या चाव्याची तऱ्हा अशी होती की ती मायेच्या भरातच घडत असे. ती आपण होऊन मांडीवर येई, डोके घाशी, अंगभर घुरघुरत पसरे, आणि तिच्या पाठीवरून हात फिरवणारा मनुष्य संतुष्ट होऊन आणखी दोनदा हात फिरवतो न फिरवतो तोच गर्रकन मान वळवून त्याचा हात धरी. 'मांजराची जात कृतघ्न,' हा शेरा घरातल्या प्रत्येकाने कधी ना कधी मारला होता. फक्त आत्याला ती चावत नसे. आम्ही त्याचे कारण पोसण्याच्या उपकारात शोधत होतो. पण उपकारांची गोष्ट नव्हती. आत्याचा हात वेळेवर थांबत असे, एवढेच.

एकदा मी रडत तिच्याकडे गेलो तेव्हा तिने माझी जखम धुतली आणि म्हणाली, "अरे, तिनं तुला आधी सांगितलं होतं. तू ऐकलं नाहीस." मग तिने कवडीला शेजारी बसवून मला ते सांगणे दाखवले. घुरघुर मध्येच थांबते. शेपटीचे टोक जमिनीवर आपटू लागते. पाठीची कातडी माशी बसल्यासारखी थरथरते. कान बाजूला वळतात आणि मागे झुकतात, डोळ्यांतल्या बाहुल्या मोठ्या होतात, आणि मान हाताच्या दिशेला फिरते. एवढी सगळी विनवणी झाल्यावरही हात हटला नाही, तर मग दात येतात. आत्या कोणत्याही पशुवैद्यकाच्या पुस्तकाजवळ कधी गेली नव्हती. पण माणसाची भिवई कधी चढली, दाराशी वाजलेले पाऊल रागाचे आहे की थकव्याचे, हे न बोलता ओळखून आपला हात आणि आपली जागा आवरून घेण्यात तिचे अर्धे आयुष्य गेले होते, आणि तीच विद्या तिला मांजरीच्या कामी आली होती.

1957 सालच्या पौषातली एक रात्र मला अजून जशीच्या तशी आठवते. ओटीच्या खिडकीबाहेर एक दांडगा बोका येऊन बसला होता आणि गजांच्या आतून कवडी त्याला तोंड देत होती. दोघांचा तो लांबवत नेलेला, चढत जाणारा स्वर काळोखात अंगावर काटा आणीत होता. अण्णा कंदील घेऊन उठले. मांजरीला खिडकीतून दूर केले की गोंगाट थांबेल, अशा सरळ विचाराने त्यांनी मागून जाऊन तिला डाव्या हाताने उचलले. आणि त्याच क्षणी तिने वळून त्यांच्या अंगठ्याच्या मुळाशी दात रोवले. अण्णांनी हात ओढला, तसे ते दात अधिकच रुतले. कंदील पडला, काच फुटली, आम्ही सगळे जागे झालो, आणि अंधारात अण्णांच्या धोतरावर रक्त सांडलेले काडीच्या उजेडात दिसले.

हुकूम तेथल्या तेथे सुटला. पहाटे गड्याने गोणपाटात घालून तिला मेणवलीच्याही पुढे सोडून यावे. मांजर मारणे हे पाप, ते घडले तर सोन्याचे मांजर करून काशीला दान द्यावे लागते, आणि मांजर हे तर सटवाईचे वाहन, या समजुतींमुळे आमच्याकडे मांजराला मृत्युदंड नव्हता. पण हद्दपारीला शास्त्राची आडकाठी नव्हती. आई गप्प राहिली. आम्ही मुले गप्प राहिलो. अण्णांच्या फैसल्यावर आमच्या घरात अपील नसे.

तेव्हा माजघराच्या उंबऱ्यावरून वेणूआत्या बोलली. "दादा, ती तुला चावली नाही. ती बोक्याला चावली. बोका गजांपलीकडे होता आणि तुझा हात अलीकडे."

अण्णांनी वळून तिच्याकडे पाहिले. तिचा आवाज कापत होता, पण ती उंबऱ्यावरून हलली नाही. शत्रू दिसतो आहे आणि त्याच्यापर्यंत पोचता येत नाही, अशा स्थितीत मांजराचा संताप जवळात जवळ जो सापडेल त्याच्यावर उतरतो, आणि त्या वेळी तिला धनी आणि परका यांतला भेद राहत नाही, हे प्राणिशास्त्रातले सत्य मला पुढे वाचायला मिळाले. पण त्याचे याहून नेमके निवेदन मी कोठे वाचलेले नाही. अण्णा काही बोलले नाहीत. गोणपाट दाराशी तसेच राहिले आणि ते अंथरुणावर जाऊन पडले.

सकाळी हात मनगटापर्यंत सुजला होता आणि अंगात ताप होता. मांजराचा सुळा बारीक आणि अणकुचीदार असल्यामुळे जखम वरून लहान दिसते आणि लवकर मिटते. तोंडातली घाण मात्र सांध्यापर्यंत खोल गेलेली असते. डॉक्टरांनी जखम धुऊन औषध दिले आणि विचारले, "मांजर कोठे आहे?" त्या काळी पिसाळीवर पोटात चौदा सुया टोचून घ्याव्या लागत. ती लस परळच्या हाफकिन संस्थेत तयार होई, आणि तिच्या नुसत्या नावाने धीराचा मनुष्य गळून जाई. डॉक्टरांनी बजावले की मांजर दहा दिवस नजरेखाली ठेवा. ते धडधाकट राहिले तर भय नाही, आणि जरा बिनसले तर त्याच दिवशी सुया सुरू करू. जिला हद्दपार करायचे तिच्याच प्रकृतीवर आता अण्णांची प्रकृती तोलायची होती. गोणपाट परत कोठीत गेले.

अण्णांनी रजा टाकली, आणि नजरेखाली ठेवणे या शब्दांचा त्यांच्या लेखी जो अर्थ होता त्याप्रमाणे एक कोरी वही काढून तिच्यात रकाने आखले: तारीख, वेळ, तपशील, शेरा. ही वही आज माझ्याजवळ आहे. पहिल्या दोन दिवसांच्या नोंदी एखाद्या गुन्हेगाराच्या हालचालींच्या आहेत. तिसऱ्या दिवशी लिहिले आहे की शेपटीचे टोक हलू लागताच मुलाने हात काढला, चावा नाही. आणि शेऱ्यात, 'वेणू म्हणते ते खरे.' चौथ्या दिवशी दिवेलागणीला ती पायांवर झेपावली, त्यावर शेरा असा की ही वेळ तिच्या शिकारीची असावी, सबब या सुमारास दोरीला चिंधी बांधून खेळवावे. माझ्या वडिलांनी, ज्यांनी आम्हां मुलांना कधी मांडीवर घेतल्याचे मला आठवत नाही, त्या संध्याकाळी एका हाताला पट्टी बांधून दुसऱ्या हाताने ओटीवर चिंधी ओढली.

पण मांजरीवर नजर ठेवायची म्हणजे ती जिच्या पायांत असे तिच्यावर नजर ठेवणे ओघानेच आले. पाचव्या दिवसापासून त्या वहीत एक दुसरेच माणूस येऊ लागते. 'पहाटे 4. वेणू उठली, मांजर तिच्यामागे चुलीपाशी.' 'दुपारी 2. वेणू जेवावयास बसली, मांजर शेजारी.' दुसऱ्या दिवशी तीच वेळ, तिसऱ्या दिवशी त्याहून उशीर. आठव्या दिवशी मांजराविषयी एक अक्षर नाही. तपशिलात फक्त एवढेच आहे: 'वेणू सव्वादोनपर्यंत उपाशी. घरातील जेवणे बारास आटोपली.' आणि शेऱ्याच्या रकान्यात, 'हे केव्हापासून?'

दहा दिवस सरले, कवडी धडधाकट राहिली. अकराव्या दिवशी दुपारी अण्णा पाटावर बसले, पण त्यांनी भाताला हात लावला नाही. ते आईला म्हणाले, "तुझं आणि वेणूचं पान आमच्याबरोबर मांड." आई म्हणाली, "मी मांडते, पण वन्सं बसतील तेव्हा ना!" आत्या तीन वेळा नाही म्हणाली आणि चौथ्यांदा येऊन बसली. ती खाली मान घालून भराभर जेवली. त्यानंतर मात्र ती नित्य पंक्तीला बसू लागली, आणि पुढे माझ्या बहिणीचे स्थळ आले तेव्हा अण्णांनी पत्रिका आईच्या हाती देण्यापूर्वी तिला विचारले, "वेणू, तुला माणसं कशी वाटली?"

वहीच्या शेवटी अण्णांनी मांजरीविषयी घरातल्यांना ताकीद लिहून ठेवली आहे, आणि आज इतक्या वर्षांनी तिच्यातले एकही कलम मला बदलावेसे वाटत नाही. हाताने खेळवू नये. गालावर आणि हनुवटीखाली कुरवाळावे, पोटाला व शेपटीच्या मुळाला हात लावू नये, आणि तिने सांगण्याआधी थांबावे. चावलीच तर हात ओढू नये, कारण ओढलेला हात तिला पळणारे भक्ष्य वाटतो. तो स्थिर ठेवावा, सुटताच उठून निघून जावे आणि काही वेळ तिच्याशी बोलू नये. भांडणात असलेल्या मांजराला उचलू नये, खिडकी झाकावी. मारू तर मुळीच नये, कारण मार खाल्लेले मांजर भिते, आणि भ्यालेले मांजर अधिक चावते. घरातल्यांनी ही ताकीद पाळली, आणि कवडी पुरती नाही तरी पुष्कळ निवळली.

म्हातारपणी तिने एकदाच वेणूआत्याला चावा घेतला. आत्या तिचे तोंड पुसत होती आणि काही खूण न होता दात आले. आत्याने हात तसाच ठेवला आणि म्हणाली, "दुखतंय तिला कुठंतरी." मांजर ज्याला जन्मात चावले नाही त्यालाच अचानक चावले, तर वेदना हे कारण प्रथम धरावे, हे आत्याला कोणी शिकवलेले नव्हते. दाढ सडली होती. त्यानंतर कवडी फार दिवस राहिली नाही. ती वैशाखात गेली. आत्या त्या दिवशी जेवली नाही, आणि तिचे पान रिकामे पाहून अण्णाही पाटावरून उठले. वहीतली अखेरची नोंद त्यांच्याच अक्षरात आहे: 'कवडी निवर्तली. वेणूस अन्न गेले नाही, मजसही नाही.' दहा वर्षे ज्या वहीत तिचा उल्लेख 'मांजर' असा होता, तिच्यात तिचे नाव त्या एका ठिकाणी आले आहे.

ज्यांच्या घरी मांजर आहे त्यांना मला दोन शब्द सांगायचे आहेत. दात लागून रक्त आले तर वाट पाहू नका. वाहत्या पाण्याने आणि साबणाने पंधरा मिनिटे जखम धुवा आणि त्याच दिवशी डॉक्टरांकडे जा. आता लस दंडात देतात, पोटातल्या सुयांचे भय राहिलेले नाही. त्यानंतर मांजराला शिक्षा करण्यापूर्वी त्याने आधी काय काय सांगितले होते ते आठवून पाहा. आणि तुमच्या घरात असे कोणी असेल, ज्याने कधीही दात दाखवलेले नाहीत, तर त्याचे पान किती वाजता मांडले जाते तेही आजच पाहा.