पारसिकचा बोगदा

तेव्हा आमच्या डोंबिवलीच्या फास्ट लोकल पारसिकच्या बोगद्यातून जात. १९१६ सालचा, सुमारे १.३ किलोमीटर लांबीचा हा बोगदा गाडी एरवी झटकन पार करत असे. एका उन्हाळ्यात ती सिग्नलला आतच थांबली. लेडीज डबा गच्च भरलेला. माझी छाती धडधडू लागली, बोटांना मुंग्या आल्या. आता काही आपण वाचत नाही, असंच वाटलं.

फॅमिली डॉक्टरांनी ईसीजी आणि थायरॉइड तपासलं. सगळं ठीक होतं. "हा पॅनिक अटॅक," ते म्हणाले. भीतीनं श्वास भराभर होतो, रक्तातला कार्बन डायऑक्साइड कमी होतो, म्हणून मुंग्या आणि चक्कर. कारण कळलं, तरी पाय फास्टकडे वळेनात. आधी स्लो गाडी धरली, मग दाराजवळचीच जागा, मग रजा. टाळलं की त्या दिवसापुरतं हायसं वाटे आणि दुसऱ्या दिवशी भीती आणखी एक स्टेशन पुढे आलेली असे.

वाट दाखवली ती क्लेअर वीक्स या ऑस्ट्रेलियन डॉक्टरबाईंच्या १९६२ सालच्या 'सेल्फ हेल्प फॉर युअर नर्व्ह्ज' या पुस्तकानं. तरुणपणी त्यांनाही अशीच धडधड सतावत होती. त्या सांगतात, पहिली भीती शरीरातून आपोआप उठते, "बाई गं, आता काय होणार?" ही दुसरी भीती आपण तिच्यावर चढवतो. पहिलीशी झुंजू नये. तिला येऊ द्यावं, ओसरू द्यावं.

मी पायऱ्या ठरवल्या. स्लो गाडीनं दिव्यापर्यंत, मग ठाण्यापर्यंत. पुढे मैत्रिणीसोबत फास्ट, शेवटी एकटीनं. एका पायरीचा कंटाळा आल्याशिवाय पुढची घेतली नाही. बोगद्यात श्वास सावकाश घ्यायचा आणि त्याहून सावकाश सोडायचा. धडधड सुरू झाली तरी मोबाइलमध्ये डोकं खुपसायचं नाही. सकाळचा दुसरा चहाही सोडला. कॅफिननंही धडधड वाढते.

भीती साफ गेली नाही. पण ती सोबत असतानाही ऑफिस गाठता येतं, हे अंगवळणी पडलं.

तुम्हाला असा त्रास होत असेल, तर छातीतल्या धडधडीचं निदान स्वतःच करू नका. आधी डॉक्टरांना दाखवा. झोप उडाली, जगणं नकोसं झालं, तर पुस्तकावर भागवू नका. टेली-मानस या मानसिक आरोग्य सेवेचा १४४१६ हा सरकारी क्रमांक मोफत आहे, चोवीस तास चालतो आणि तिथे मराठीत बोलता येतं.