मिरकरवाड्याचे बोलके मासे

रत्नागिरीला निघालात की जो तो तुम्हाला यादी सांगतो. थिबा राजवाडा बघा, लोकमान्य टिळकांचं जन्मघर बघा, पतितपावन मंदिर बघा, संध्याकाळी मांडवीच्या किनाऱ्यावर बसा. आणि मे महिना असेल तर हापूस! सगळं बघा, आंबे तर मुळीच चुकवू नका. पण दोस्तांनो, एक सकाळ राखून ठेवा. बघण्यासाठी नव्हे, ऐकण्यासाठी.

सकाळी लवकर मिरकरवाडा बंदरावर जायचं. रत्नदुर्ग किल्ल्यावरून खाली पाहिलं की रंगीत होड्यांची जी दाटी दिसते ना, तेच हे बंदर. काय गलका असतो तिथे! इंजिनांची थडथड, बर्फ फोडल्याचा आवाज, लिलावाची बोली, डोक्यावर घिरट्या घालणाऱ्या घारी, आणि या सगळ्याच्या वर मासेवाल्या बायकांचे खणखणीत गळे. या गोंधळात एकच गोष्ट गप्प असते, टोपलीतली मासळी. मासे मुके असतात, असं आपण लहानपणापासून धरूनच चाललेलो असतो.

आता टोपलीत ढोमा दिसतो का बघा. मध्यम आकाराचा, चंदेरी-करडा, साधासाच मासा. पापलेट-सुरमईसारखा त्याला भाव नाही. पण हा मासा पाण्यात असताना चक्क ढोलकी वाजवतो! त्याच्या पोटात हवेची एक पिशवी असते. पाण्यात वर-खाली तरंगताना तोल सांभाळायला बऱ्याच माशांना ती असते. ढोम्याच्या कुळात मात्र या पिशवीला लागून खास स्नायू असतात. ते भराभर आकसले की पिशवी थरथरते आणि ‘गुर्र, टक-टक-टक’ असा आवाज निघतो. यातल्या बऱ्याच जातींत हे स्नायू फक्त नरांना असतात. माद्यांना बोलावण्यासाठी संध्याकाळी आणि रात्री नरांचा कोरस सुरू होतो, आपल्याकडे पहिल्या पावसात बेडकांचा होतो तसा.

बोलायचं तर ऐकायलाही हवं. माशांना बाहेरून कान दिसत नाहीत, पण डोक्याच्या आत असतात. घरी ढोमा आणलात तर त्याचं डोकं आईला टाकू देऊ नका. शिजल्यावर नीट शोधलंत तर दोन पांढरे टणक खडे सापडतील. हे त्याच्या कानातले खडे! आवाजाच्या लहरीने मासा हलतो, पण जड खडा किंचित मागे राहतो. तो फरक कानातल्या बारीक केसांना कळतो, म्हणजेच माशाला ऐकू येतं. शास्त्रज्ञ हा खडा कापून त्यातली वलयं मोजतात आणि झाडासारखं माशाचं वय सांगतात.

मग किनाऱ्यावर उभं राहून आपल्याला हा कोरस का ऐकू येत नाही? कारण पाण्यातून हवेत येताना आवाज पृष्ठभागावरच अडतो आणि जवळजवळ सगळा परत पाण्यात फिरतो. होडी आणि समुद्र यांच्यात बोटभर अंतर असलं, तरी आवाजाच्या हिशेबाने ती दोन वेगळी जगं आहेत. हवेत आवाज सेकंदाला साधारण ३४० मीटर जातो, समुद्राच्या पाण्यात सुमारे १,५०० मीटर. पाण्यातला वेग पहिल्यांदा नीट मोजला गेला १८२६ साली, जिनिव्हाच्या सरोवरात. कोलादों आणि स्टर्म या दोघांनी दोन होड्या साडेतेरा किलोमीटर अंतरावर उभ्या केल्या. रात्रीच्या वेळी एका होडीने पाण्याखाली घंटा वाजवायची आणि त्याच क्षणी दारू पेटवून उजेड करायचा. दुसऱ्या होडीतला माणूस पाण्यात बुडवलेल्या लांब नळीला कान लावून बसलेला. उजेड दिसल्यापासून घंटा ऐकू येईपर्यंत नऊ-साडेनऊ सेकंद लागले. भागाकार तुम्हीच करा.

हीच युक्ती आज मिरकरवाड्यातल्या कितीतरी नौकांवर आहे. तांडेलाजवळ टीव्हीसारखा छोटा पडदा असतो, तो फिशफाइंडर. नौकेच्या तळातून आवाजाची एक टिचकी खाली जाते आणि तळाला आपटून परत येते. तिला एका सेकंदाचा पंचविसावा भाग लागला, तर पाणी ३० मीटर खोल. मध्ये माशांचा थवा असेल तर पडद्यावर ठिपका उमटतो. आणि गंमत म्हणजे, प्रतिध्वनी माशाच्या मांसापेक्षा त्याच्या हवेच्या पिशवीवरून जास्त जोरात येतो. ज्या पिशवीने मासा बोलतो, तीच त्याचा पत्ता सांगते!

मला ही गंमत थोडी टोचते. ढोम्याचा मोठा भाऊ म्हणजे घोळ. त्याच्या पिशवीला आपल्याकडे ‘बोत’ म्हणतात. ती वाळवून परदेशी जाते आणि तिला मासळीपेक्षा कितीतरी जास्त भाव मिळतो. २०२१ साली पालघरजवळच्या मुरबे गावच्या एका नौकेला एकाच फेरीत दीडशेच्या वर घोळ मिळाले आणि त्यांची किंमत झाली एक कोटी रुपयांहून जास्त. त्या घरी दिवाळीच झाली असणार, आणि त्यात गैर काहीच नाही. पण चीनच्या किनाऱ्यावर याच कुळातला एक मोठा पिवळा मासा होता. १९५०च्या दशकात तिथले कोळी अनेक होड्यांनी त्याला घेरत आणि सगळे मिळून लाकडं बडवत. त्या दणक्याने कानात खडे असलेला हा मासा बधिर होऊन वर येई. पिल्लंसुद्धा सुटत नसत. पुढे ती पद्धत बंद केली गेली, पण मासेमारी चालूच राहिली. आज समुद्रात तो मोकळा मासा फार क्वचित सापडतो. बाजारात येतो तो बहुतेक पाळलेला.

आपल्या समुद्राचं कोणी ऐकतं का? हो! गोव्यात दोनापावलाला राष्ट्रीय समुद्रविज्ञान संस्था आहे. तिथल्या शास्त्रज्ञांनी ग्रँड बेटाजवळ पाण्याखाली मायक्रोफोन सोडून माशांचे कोरस ध्वनिमुद्रित केले आहेत. त्यात कढईत काही तळत असावं असा तडतडाटही ऐकू येतो. तो करते एक बोटाएवढी कोळंबी, आपली नांगी फटकन मिटून.

रत्नागिरीतही मासळीचा अभ्यास चालतो. कोकण कृषी विद्यापीठाचं मत्स्य महाविद्यालय शिरगावला आहे आणि झाडगावला सागरी संशोधन केंद्र. तिथल्या संग्रहालयात देवमाशाचा भला मोठा सांगाडा आहे. वेळेची चौकशी करून जा. डॉल्फिनची कवटी दिसली तर खालचा जबडा बघायला विसरू नका, कारण डॉल्फिन त्यातूनच आवाज आत घेतो.

समुद्रात कान बुडवायला मात्र जाऊ नका, लाटांचा भरवसा नाही. घरीच बादली भरा, पाण्याखाली दोन चमचे एकमेकांवर हलकेच आपटा आणि बादलीच्या बाहेरून कान लावा. मग तेच चमचे हवेत आपटून बघा.